लोकरीच्या व्यापारातून उभी राहिलेली पेढी

फ्लॉरेन्सच्या मेदिची घराण्याला बँकव्यवसायाचे जनक म्हणण्याची प्रथा पडली असली, तरी जोव्हान्नी दि बिच्ची याने 1397 साली मेदिचींची पेढी सुरू केली, तेव्हा त्याच शहरातील बार्दी आणि पेरुत्झी या तिच्याहून मोठ्या पेढ्या बुडून अर्धशतक उलटले होते. दुहेरी नोंद पद्धतीचे, म्हणजे प्रत्येक व्यवहार जमा आणि नावे अशा दोन्ही बाजूंना लिहिण्याच्या रीतीचे, श्रेय लुका पाचोलीला दिले जाते. पण 1494 साली व्हेनिसमध्ये छापलेल्या ग्रंथात त्याने जी रीत लिहून काढली, ती जेनोव्हाच्या 1340 च्या सरकारी खातेवह्यांत आधीच रुळलेली दिसते.

याहून खोलवर रुजलेला समज असा की, हे पेढीवाले मुळात सावकार होते आणि व्यापार हा त्यांचा जोडधंदा होता. वस्तुस्थिती नेमकी उलट आहे. बार्दी आणि पेरुत्झी ही घराणी ‘कालिमाला’ या श्रेणीतली, म्हणजे फ्लांडर्स व उत्तर फ्रान्समधून आणलेल्या जाड्याभरड्या कापडाला रंग आणि सफाई देऊन ते परदेशी विकणाऱ्या व्यापाऱ्यांच्या संघटनेतली होती. पुढे शहरातच कापड विणले जाऊ लागले आणि त्यासाठी इंग्लंडची उत्तम लोकर हवी झाली. बार्दींचा गुमास्ता फ्रान्चेस्को पेगोलोत्ती याने 1340 च्या सुमारास सिद्ध केलेल्या व्यापारपुस्तिकेत इंग्लंडमधील मठांची लांबलचक यादी असून, कोणत्या मठाची लोकर कोणत्या प्रतीची आणि काय भावाने मिळते हे तीत नोंदलेले आहे. मेंढ्या पाळणाऱ्या या मठांशी इटालियन व्यापारी पुष्कळदा लोकर कातरण्यापूर्वीच सौदा करून उचल देत, आणि पेढीच्या कर्जव्यवहाराची एक वाट इथूनच फुटते.

लोकरीचे दाम लंडनमध्ये चुकवायचे आणि कापडाचा पैसा मात्र इटलीत यायचा, हा पेच सोडवण्यास पोपचा खजिना उपयोगी पडला. इंग्लंडमध्ये गोळा झालेली धर्मकराची रक्कम पेढी तिथेच ताब्यात घेऊन लोकरीत गुंतवी आणि पोपला तेवढी रक्कम आपल्या इटलीतील शिलकेतून देई. त्यामुळे नाण्यांच्या थैल्या समुद्रापार न्याव्या लागत नसत.

चर्चने व्याज निषिद्ध ठरवल्यामुळे ख्रिस्ती पेढ्या बिनव्याजी चालत, असेही मानले जाते. प्रत्यक्षात व्याज हुंडीच्या भावात मुरवलेले असे. ही हुंडी नेहमी दोन शहरांची आणि दोन चलनांची असे. समजा, व्हेनिसमध्ये एका डुकाटला 47 पेनी भाव असताना पेढीने 500 डुकाट देऊन लंडनवरची हुंडी घेतली, तर तीन महिन्यांनी लंडनमध्ये 23,500 पेनी हाती येत. तिथे भाव 44 पेनी असेल, तर त्याच रकमेची परतीची हुंडी घेऊन आणखी तीन महिन्यांनी सुमारे 534 डुकाट वसूल होत. भाव बदलण्याची जोखीम असल्याने बहुतेक धर्मपंडितांनी अशा हुंडीला कर्ज न म्हणता विनिमय मानले. ही पळवाट मोठी चतुर होती, कारण जोखीम खरी असली तरी ज्या शहरात रक्कम दिली जाई तिथला भाव सहसा चढा असल्याने लाभाचे पारडे देणाऱ्याकडेच झुकलेले असे.

मेदिचींची पेढी म्हणजे अनेक शाखा असलेली एकच संस्था, ही कल्पनाही तपासून घ्यावी लागते. प्रत्येक शाखा ही स्वतंत्र भागीदारी होती. 1455 साली मिलानच्या एका व्यापाऱ्याने लोकरीच्या नऊ गाठींची बांधणी सदोष असल्याबद्दल ब्रुज शाखेवर दावा लावला, तेव्हा त्या शाखेतर्फे तोम्माझो पोर्तिनारी याने गाठी लंडन शाखेच्या असल्याने दावा तिच्यावर लावावा असे सांगितले आणि न्यायालयाने ते मान्य केले.

शेवटचा समज राजांच्या कर्जांविषयीचा आहे. इंग्लंडच्या तिसऱ्या एडवर्डने कर्ज बुडवले आणि त्यापायी 1343 साली पेरुत्झी व 1346 साली बार्दी बुडाले, ही हकिकत जोव्हान्नी व्हिल्लानीच्या बखरीतून आली आहे. त्याने बार्दींचे येणे 9,00,000 आणि पेरुत्झींचे 6,00,000 सुवर्ण फ्लोरिन सांगितले असले, तरी आधुनिक अभ्यासकांना हे आकडे फुगवलेले वाटतात, आणि फ्लॉरेन्सच्या लुक्काविरुद्धच्या युद्धाचा खर्च व घाबरून ठेवी काढून घेणारे ठेवीदार ही कारणेही ते तितकीच महत्त्वाची मानतात. शिवाय राजाला कर्ज देणे हा निव्वळ भोळेपणा नव्हता. इंग्लंडबाहेर लोकर नेण्यास राजाची परवानगी लागे आणि कर्ज ही त्या परवानगीची किंमत होती. मेदिचींच्या लंडन शाखेनेही लोकरीच्या परवान्यांसाठीच चौथ्या एडवर्डला कर्जे दिली. ती वसूल न झाल्याने 1470 च्या दशकात त्या शाखेचा कारभार आटोपला, आणि 1494 साली मेदिची फ्लॉरेन्समधून हद्दपार झाले तेव्हा उरलीसुरली पेढीही बंद पडली.