सुभाष गुप्ते : फिरकीचें कसब

आमच्या जळगांव-धुळ्याकडील मैदानांवर मुलें चेंडू-फळी घेऊन जमलीं म्हणजे प्रत्येकास वेगानेंच चेंडू टाकावयाचा असतो. हळू टाकणारा तो दुबळा, अशी समजूत आम्हां सर्वांत रूढ आहे. ती किती चुकीची आहे, हें कै. सुभाष गुप्ते यांच्या चरित्रावरून दिसून येतें.

गुप्ते यांचा जन्म ११ डिसेंबर १९२९ रोजीं मुंबईस झाला. त्यांचें सामर्थ्य दंडांत नसून मनगटांत व बोटांत होतें. उजव्या हातानें खेळणाऱ्या फलंदाजाच्या पायांच्या बाजूकडून जो चेंडू टप्पा पडतांच बाहेर वळतो, तो लेगब्रेक. तोच चेंडू, मनगट अधिक वळवून, हाताची मागील बाजू फलंदाजाकडे करून सोडला, तर तो उलट आंत वळतो. त्यास गुगली म्हणतात. हात पाहून फलंदाजास हा भेद कळूं न देणें, हेंच खरें कसब होय. अमेरिकेंतील बेसबॉलचा पिचर चेंडूस हवेंतच वळण देतो. आमच्या गोलंदाजास भूमीचेंहि साहाय्य मिळतें. मात्र टप्पा चुकला कीं शिक्षाहि तत्काळ मिळते.

१९५१ सालच्या अखेरीस कलकत्त्यास इंग्लंडविरुद्ध ते पहिला कसोटी सामना खेळले. १९५३ सालीं वेस्ट इंडीजमधील पांच कसोटींत त्यांनीं २७ गडी बाद केले; १९५५-५६ सालीं न्यूझीलंडविरुद्ध ३४. १९५४ सालीं मुंबईकडून खेळतांना एका डावांत दहाहि गडी त्यांनीं ७८ धावांत टिपले. इंग्लंडांत लँकेशायर लीगमधील रिश्टन क्लबासाठीं ते वेतन घेऊनहि खेळले. १९५८ सालीं कानपूर येथें बलाढ्य वेस्ट इंडीजचे नऊ गडी त्यांनीं १०२ धावांत बाद केले. तरीहि भारत तो सामना हरला. एकट्याच्या पराक्रमानें संघ जिंकत नाहीं, हें येथें ध्यानांत घ्यावें.

पुढील हकीकत खेदजनक आहे. १९६१ च्या डिसेंबरांत दिल्लीच्या कसोटीच्या वेळीं, त्यांच्या खोलींत राहणाऱ्या सहकाऱ्यानें हॉटेलांतील एका कर्मचारी स्त्रीस दूरध्वनि करून पेयपानाचें निमंत्रण दिलें. तिनें तक्रार केली. गुप्ते यांनीं तो दूरध्वनि केला नव्हता. तथापि दोघांसहि संघांतून वगळण्यांत आलें. सहकाऱ्यास आवरलें कां नाहीं, असा ठपका गुप्ते यांजवर आला, असें सांगतात. त्या वेळीं त्यांचें वय अवघें बत्तीस वर्षांचें होतें. त्यानंतर ते भारताकडून कधींच खेळले नाहींत. ३६ कसोटींत १४९ गडी, एवढ्यावरच कारकीर्द थांबली. पत्नी त्रिनिदादच्या असल्यानें ते तेथेंच स्थायिक झाले व ३१ मे २००२ रोजीं पोर्ट ऑफ स्पेन येथें निवर्तले. गॅरी सोबर्स यांच्यासारखा थोर खेळाडू मात्र अखेरपर्यंत त्यांस श्रेष्ठ लेगस्पिनर मानीत असे.

विद्यार्थ्यांनीं यांतून मनगटाची साधना शिकावी. आम्ही वडील मंडळींनीं निराळा धडा घ्यावा. वर्गांत कांच फुटली कीं शेजारीं उभ्या असलेल्या मुलासहि आम्ही एकाच छडीनें मोजतों. छडी उगारण्यापूर्वीं एक प्रश्न विचारण्यास कितीसा वेळ लागतो? तो न विचारल्यामुळें एका गुणी पुरुषाचीं उमेदीचीं वर्षें वायां गेलीं, हें आम्ही विसरतां कामा नये.