गोंगाट की निरोप?

ध्वनीचा पाठ शिकवताना एक वाक्य आपण सगळेच फळ्यावर लिहितो. नियमित कंपनांपासून सुस्वर ध्वनी निर्माण होतो, अनियमित कंपनांपासून गोंगाट. उदाहरणेही ठरलेली असतात. एका बाजूला बासरी आणि सतार, दुसऱ्या बाजूला बाजारातला कोलाहल. शिक्षकांच्या एका शिबिरात आम्ही हेच सांगत होतो. मागे अकरावीची काही मुले बसली होती. त्यांतल्या एकाने मोबाईलवर एक गाणे लावले आणि विचारले, "सर, मग हे कोणत्या बाजूला घालायचं?" खरखरणाऱ्या गिटारी आणि ढोलांचा भडिमार ऐकून आम्ही क्षणात निकाल दिला, "गोंगाट." मुलगा शांतपणे म्हणाला, "पण तुम्ही पूर्ण ऐकलंच नाही."

मुलाचे म्हणणे रास्त होते. न मोजता, न तपासता निष्कर्ष काढू नये हे मुलांना सांगणारे आम्हीच तो काढून बसलो होतो. मग आम्ही ते गाणे पूर्ण ऐकले, त्याची चित्रफीतही पाहिली. आमचा निकाल चुकला होता हे तर कळलेच. पण नेमकी हीच चूक त्या चित्रफितीतली माणसे करतात, आणि तिची किंमत एका जिवंत माणसाला मोजावी लागते, हेही कळले.

गाणे आणि त्याची गोष्ट

गाण्याचे नाव 'वन', म्हणजे 'एक'. मेटॅलिका हा अमेरिकन बँड १९८१ मध्ये लॉस एंजेलिसमध्ये सुरू झाला. त्याच्या १९८८ च्या '...अँड जस्टिस फॉर ऑल' या अल्बममध्ये हे गाणे आहे. जेम्स हेटफील्ड आणि लार्स उलरिक यांनी ते रचले. १९८९ च्या जानेवारीत ते एकल गाणे म्हणून बाजारात आले आणि त्याच महिन्यात त्याची चित्रफीत दूरचित्रवाणीवर दिसली. ही बँडची पहिलीच चित्रफीत. हेवी मेटल या प्रकारासाठी स्वतंत्र ग्रॅमी पुरस्कार १९९० मध्ये प्रथम दिला गेला, तो याच गाण्याला.

चित्रफितीत एकीकडे रिकाम्या गोदामात वाजवणारा बँड दिसतो, आणि मधूनमधून 'जॉनी गॉट हिज गन' या १९७१ च्या चित्रपटातली दृश्ये येतात. डाल्टन ट्रंबो यांनी आपल्याच १९३९ च्या कादंबरीवरून तो दिग्दर्शित केला होता. गोष्ट पहिल्या महायुद्धातल्या जो बोनहॅम या काल्पनिक तरुण सैनिकाची आहे. तोफगोळ्याच्या स्फोटात त्याचे हात, पाय, डोळे, कान आणि तोंड नाहीसे झाले आहेत. शाबूत आहे ती फक्त त्वचा, मान आणि मेंदू. डॉक्टरांना वाटते की हा देह जिवंत आहे, पण त्यात विचार करणारे कोणी उरलेले नाही. जो मात्र सगळा विचार करतो आहे. पलंगाला बसणाऱ्या हादऱ्यांवरून तो नर्सची पावले ओळखतो. एक नर्स त्याच्या छातीवर बोटाने नाताळच्या शुभेच्छांची अक्षरे गिरवते, तीही त्याला समजतात.

निरोप आत येऊ शकतो, पण बाहेर कसा जाणार? मग जोला मोर्सची लिपी आठवते. तो उशीवर डोके आपटू लागतो. डॉक्टरांना ते झटके वाटतात आणि ते त्याला गुंगीचे औषध देतात. म्हणजे त्यांनीही निकाल दिला: गोंगाट.

तंबोऱ्यात आणि गिटारीत

आधी गाण्यातल्या 'गोंगाटा'कडे पाहू. इलेक्ट्रिक गिटारीची तार कंप पावते, तेव्हा तिच्याखालच्या चुंबक बसवलेल्या वेटोळ्यात बारीक विद्युतप्रवाह निर्माण होतो. अँप्लिफायर तो मोठा करतो. पण प्रत्येक अँप्लिफायरला मर्यादा असते. तिच्यापलीकडचा संकेत त्यात घातला तर तरंगाचा माथा कापला जातो. डोंगराच्या सुळक्याऐवजी सपाट पठार उरते. याला डिस्टॉर्शन म्हणतात. एरवी हा यंत्राचा दोष. हेवी मेटलच्या वादकांनी तो मुद्दाम वापरायला घेतला.

माथा कापला की ध्वनीत काय बदलते? मूळ वारंवारतेच्या पटीतल्या नव्या वारंवारता तयार होतात. माथा आणि तळ सारखेच कापले तर तिप्पट, पाचपट, सातपट अशा विषम पटीतल्या. हे वर्गात आलेखकागदावर दाखवता येते. आधी साधी ज्या-वक्राची लाट काढा. तिच्यात तिप्पट वारंवारतेची आणि एकतृतीयांश उंचीची लाट मिळवा, मग पाचपट वारंवारतेची आणि एकपंचमांश उंचीची. तीनच लाटांच्या बेरजेत माथा सपाट होऊ लागलेला मुलांना दिसेल.

म्हणजे ज्याला आपण खरखर म्हणतो ती उपस्वरांची गर्दी आहे, आणि प्रत्येक उपस्वर मूळ स्वराशी पूर्णांकाने बांधलेला आहे. हे आपल्याला नवीन नाही. तंबोऱ्याच्या घोडीवर तारेखाली दोरा सरकवून जवारी लावतात, तीही उपस्वर जागे करण्यासाठीच. तार एखाद्या बिंदूवर छेडली, तर त्या बिंदूवर निस्पंद असणारे उपस्वर उमटू नयेत असा नियम आहे. तंबोरा आणि वीणा या नियमाला जुमानत नाहीत, हे सी. व्ही. रामन यांनी १९२१ मध्ये दाखवले. तारेचा आणि रुंद घोडीचा घसटता स्पर्श याला कारणीभूत आहे. तंबोऱ्यात लाकूड आणि दोरा जे काम करतात, तेच गिटारीत अँप्लिफायर करतो. दोन्ही आवाज एकसारखे लागत नाहीत हे खरे, पण तत्त्व जवळचे आहे.

आता दोन स्वर एकत्र वाजवले तर? डिस्टॉर्शनमध्ये त्यांच्या बेरजेच्या आणि वजाबाकीच्याही वारंवारता तयार होतात. समजा षड्ज ८० हर्ट्झचा आणि पंचम १२० हर्ट्झचा आहे. वजाबाकी ४०, बेरीज २००, दुप्पट १६० आणि २४०. सगळ्या संख्या ४० च्या पाढ्यातल्या! कानाला एकच भरदार, खोल स्वर ऐकू येतो. षड्ज-पंचमाच्या या जोडीला गिटारवादक पॉवर कॉर्ड म्हणतात. हेवी मेटलचा पाया तीच, आणि तंबोरा बहुधा जुळवतात तोही याच जोडीवर.

पंचमाऐवजी गंधार घेतला तर मात्र चित्र बदलते. गिटारीच्या पडद्यांवर शुद्ध गंधार थोडा चढा लागतो, म्हणजे १०० ऐवजी सुमारे १००.८ हर्ट्झ. षड्जाची पाचपट ४००, या गंधाराची चौपट ४०३. डिस्टॉर्शनमुळे हे उपस्वर मोठे होतात आणि त्यांच्यात सेकंदाला तीन विस्पंद ऐकू येतात. पंचमाच्या बाबतीत असे विस्पंद तीन-चार सेकंदांतून एखादेच. म्हणूनच गिटारीचा आवाज खूप खरखरीत करायचा असेल तर वादकाला स्वर फार काटेकोरपणे निवडावे लागतात. गोंगाट करणाऱ्याला एवढी शिस्त लागली नसती.

'वन' हे गाणे सुमारे साडेसात मिनिटांचे आहे. युद्धाच्या आवाजांनंतर ते स्वच्छ, हळुवार गिटारीने सुरू होते आणि पायरीपायरीने कठोर होत जाते. उत्तरार्धात पायाने वाजवायचे दोन मोठे ढोल आणि गिटारी मिळून सहा-सहा ठोक्यांचे गुच्छ फेकतात, सेकंदाला सुमारे दहा ठोके या गतीने. ऐकताना मशिनगन आठवते. मुलांना एक खुलासा जरूर करावा. हे ठोके मोर्स नव्हेत. मोर्समध्ये सहा टिंबांचे अक्षरच नाही. त्यांत आकृतिबंध आहे, पण निरोप नाही. या दोहोंतला फरक काय, हाच खरा मुद्दा आहे.

झटका आणि अक्षर

मोर्सची लिपी आपल्याकडे तारघरातल्या 'कट्ट-कडकट्ट'मुळे परिचयाची झाली. सॅम्युएल मोर्स यांनी वॉशिंग्टनहून बाल्टिमोरला पहिला औपचारिक संदेश पाठवला तो २४ मे १८४४ रोजी. भारतातली तारसेवा जुलै २०१३ मध्ये बंद झाली, पण लिपीमागचे तत्त्व जुने झालेले नाही. टिंब एक एकक लांब, रेघ तीन एकके. एका अक्षरातल्या दोन खुणांमध्ये एक एकक शांतता, दोन अक्षरांमध्ये तीन, दोन शब्दांमध्ये सात. म्हणजे इथे शांततेलाही अर्थ आहे.

जो जे अक्षर-त्रिकूट पुन्हा पुन्हा पाठवतो ते एस-ओ-एस. तीन टिंबे, तीन रेघा, तीन टिंबे. संकटाची खूण म्हणून ते १९०६ च्या बर्लिन परिषदेत जगभरासाठी ठरले. अक्षरे सुटी धरली तर त्याला २७ एकके लागतात. अर्ध्या सेकंदाचे एक एकक धरले तर साडेतेरा सेकंद.

आता डॉक्टरांच्या जागी उभे राहून विचार करू. डोके कधी थोडा वेळ टेकते, कधी जास्त वेळ. हे झटके असतील तर लहान-मोठ्या खुणा कशाही क्रमाने याव्यात. नऊ खुणांचे एकूण क्रम किती? दोनाचा नववा घात, म्हणजे ५१२. त्यांतला नेमका एक क्रम एस-ओ-एसचा. एखादे वेळी तो योगायोगाने येईलही. पण लागोपाठ दोनदा येण्याची शक्यता ५१२ गुणिले ५१२, म्हणजे २,६२,१४४ मध्ये एक. तिसऱ्यांदा आला तर योगायोग म्हणणे हा हट्टच. एवढे गणित करायला कागद-पेन्सिल पुरते. मात्र मोजावेसे वाटले पाहिजे. गोष्टीत तसे एका नर्सला वाटते. हा माणूस काही सांगतो आहे हे ती ओळखते, आणि मग सैन्यातला एक जण ती लिपी वाचतो.

म्हणून कसोट्या तीन. खुणा एकमेकींपासून वेगळ्या ओळखता येतात का? त्याच क्रमाने पुन्हा येतात का? आणि आपण काही विचारले तर बदलतात का? ढोलांचे गुच्छ पहिल्या दोन कसोट्यांना उतरतात, जो तिन्हींना. त्याला काय हवे ते कपाळावर मोर्समध्येच ठोकून विचारतात आणि तो उत्तर देतो. मला लोकांसमोर ठेवा, युद्ध काय करते ते त्यांना दिसू द्या, नाहीतर मरू द्या. दोन्ही मागण्या नाकारल्या जातात. चित्रपट संपतो तेव्हा तो अंधारात तेच त्रिकूट पाठवत असतो.

गोष्टीबाहेर

ही केवळ कल्पना म्हणून सोडून देता आली असती. पण २००६ मध्ये एड्रियन ओवेन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अपघातानंतर काहीच प्रतिसाद न देणाऱ्या एका तरुणीला एमआरआय यंत्रात ठेवून सांगितले, "तुम्ही टेनिस खेळत आहात अशी कल्पना करा." मग सांगितले, "घरातल्या खोल्यांतून फिरत आहात अशी कल्पना करा." दोन्ही वेळा मेंदूचे वेगवेगळे भाग उजळले, निरोगी माणसांत उजळतात तेच. २०१० मध्ये अशाच ५४ रुग्णांपैकी पाच जणांना मेंदूचे हे कार्य सूचनेनुसार बदलता आले, आणि त्यांतल्या एकाने 'हो'साठी एक कल्पना, 'नाही'साठी दुसरी वापरून प्रश्नांची उत्तरे दिली. टिंब आणि रेघच ती! २०२४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या अभ्यासात सूचनांना बाहेरून कोणताही प्रतिसाद न देणारे २४१ रुग्ण तपासले गेले. त्यांतल्या ६० जणांच्या मेंदूने सूचना पाळल्याची चिन्हे दिसली. चारांत एक. उशीवर आपटायला मानही साथ देत नाही, अशी ही माणसे.

वर्गात करून पाहा

एका मुलाने डोळे मिटून, कानांत कापसाचे बोळे घालून लांब बाकावर तळहात टेकवावेत. दुसऱ्याने बाकाच्या टोकाशी निरोप पाठवावा. लगेच अडचण येईल. टकटक लांबवता येत नाही, मग रेघ कशी पाठवायची? उत्तर मुलांनाच शोधू द्या. कोणी टिंबासाठी ठोका आणि रेघेसाठी बाकावर घासणे असे ठरवील, कोणी दोन ठोक्यांमधल्या अंतराला अर्थ देईल. तारघरातले यंत्र हेच दुसरे करीत असे. त्याची पट्टी खाली येताना एकदा वाजे आणि वर जाताना एकदा. त्या दोन आवाजांतल्या अंतरावरून तारबाबू टिंब-रेघ ओळखत. चित्रफीत मात्र आधी आपण स्वतः पाहावी. तिच्यातली दृश्ये अस्वस्थ करणारी आहेत. ती मोठ्या मुलांसाठीच योग्य, आणि नंतर बोलायला वेळ ठेवूनच दाखवावी.

फळ्यावरचे ते वाक्य आम्ही अजूनही लिहितो, ते चुकीचे नाही. फक्त आता पुढे एक प्रश्न जोडतो: कंपने अनियमित आहेत हे कशावरून ठरवले? मोजून, की न आवडल्यामुळे? मागच्या बाकावर सतत पाय आपटणारा मुलगा किंवा बोलताना अडखळणारी मुलगी यांच्याबद्दल निकाल देण्याआधीही हा प्रश्न आम्हाला हल्ली आठवतो. शिबिरातल्या त्या मुलाला आम्ही नंतर कळवले की गाणे पूर्ण ऐकले, आणि ते गोंगाटाच्या रकान्यातून खोडले आहे.