एका ओळीत क्रीपर, एका ओळीत सगळंच साफ! माइनक्राफ्टमधली ‘समन’ कमांड नेमकी चालते कशी?

“दादा, माझा मोती कुठे गेला?”
“कोण मोती?”
“माझा कुत्रा. दारात बसवून ठेवला होता.”
“अरे, मी फक्त ते झॉम्बी घालवले...”

एकाच फोनवर माइनक्राफ्ट खेळणारी दोन भावंडं घरात असतील, तर हा संवाद कधीही कानावर पडू शकतो. दादाने गंमत म्हणून एका ओळीची कमांड टाकून अंगणात झॉम्बी उतरवलेले असतात. ते आवरेनासे झाले म्हणून दुसरी एक ओळ टाकलेली असते. झॉम्बी जातात, पण त्यांच्यासोबत हाडं खायला घालून माणसाळवलेला कुत्राही जातो, गोठ्यातल्या गायी जातात आणि जमिनीवर पडलेलं सामानसुद्धा. ‘अनडू’चं बटण या खेळात नाही.

या दोन ओळींच्या आत काय घडतं, ते समजून घेतलं तर मोती वाचू शकतो.

चीट्स की चाचणीची हत्यारं?

गेममध्ये आज्ञा टाइप करून हवं ते घडवणं ही खेळाडूंची चलाखी वाटते, पण तिची सुरुवात गेम बनवणाऱ्यांच्या टेबलावर झाली. कोनामी कंपनीचे काझुहिसा हाशिमोतो 1986 मध्ये ‘ग्रेडियस’ हा गेम निन्टेन्डोच्या यंत्रासाठी तयार करत होते. चाचणीसाठी खेळताना तो त्यांना स्वतःलाच अवघड जात होता. म्हणून त्यांनी बटणांचा एक क्रम आत ठेवला, जो दाबला की सगळी शस्त्रं मिळत. तो क्रम गेममध्ये तसाच राहिला आणि ‘कोनामी कोड’ म्हणून जगभर गाजला. 1996 च्या ‘क्वेक’मध्ये तर स्क्रीनच्या वरून खाली सरकणारी, आज्ञा टाइप करायची आख्खी पाटीच होती. तिलाच कन्सोल म्हणतात.

सर्व्हायव्हल गेममध्ये या पाटीची गरज जास्त. समजा, बनवणाऱ्याला तपासायचंय की लांडगा कुंपणावरून उडी मारतो का. त्यासाठी रोज जंगलात लांडगा शोधत फिरायचं? त्यापेक्षा समोर लांडगा उभा करणारी एक आज्ञा लिहिलेली बरी. ‘डोन्ट स्टार्व्ह’मध्ये ही आज्ञा म्हणजे लुआ भाषेतलं सरळ एक फंक्शन आहे. कंसात प्राण्याचं नाव आणि संख्या द्यायची. ‘वॅल्हाइम’मध्ये प्राण्याच्या नावापुढे दोन आकडे येतात, पहिला संख्येचा आणि दुसरा पातळीचा. ‘बोअर 1 3’ लिहिलं की दोन ताऱ्यांचं एक रानडुक्कर हजर, कारण तिथे पातळी 1 म्हणजे शून्य तारे. याच गेममध्ये सुरुवातीला कमांड चालू करायला खेळाडूला इंग्रजीत चक्क ‘मी चीटर आहे’ असं टाइप करावं लागायचं. नंतर बनवणाऱ्यांनी तिथे ‘डेव्हकमांड्स’ असा सभ्य शब्द आणला. कबुलीजबाबाची मजा मात्र गेली.

आपल्याकडे फोनवर जो खेळला जातो तो माइनक्राफ्ट. 2016 च्या अखेरीस त्याच्या मोबाइल आवृत्तीत तिरप्या रेघेने सुरू होणाऱ्या कमांड आल्या.

एक ओळ, तीन प्रश्न

आज्ञेचं नाव ‘समन’, म्हणजे बोलावणं. चॅटची खिडकी उघडून ती टाइप करायची. (इथे सगळं देवनागरीत लिहिलंय. गेममध्ये ते इंग्रजी लहान अक्षरांतच चालतं.)

/समन क्रीपर ~ ~ ~10

गेम या ओळीतून तीन गोष्टी वाचतो: काय करायचं, कोणाला आणायचं आणि कुठे उभं करायचं. पहिल्या दोन सोप्या आहेत. गडबड होते ती तिसऱ्यात, म्हणून तिथे जरा थांबू.

माइनक्राफ्टमधली प्रत्येक जागा तीन आकड्यांनी ठरते. पहिला आकडा पूर्व-पश्चिम, दुसरा उंची आणि तिसरा उत्तर-दक्षिण. शाळेतल्या आलेखात उंची शेवटी यायची, इथे ती मधोमध आहे. त्यामुळे नवखा खेळाडू प्राणी शेजारी उभा करायला जातो आणि तो आभाळातून पडतो. लाटेसारखं दिसणारं ~ हे चिन्ह म्हणजे ‘मी आहे तिथून’. गणिताच्या भाषेत, आरंभबिंदू उचलून स्वतःच्या पायाशी आणून ठेवायचा. नुसतं ~ म्हणजे शून्य अंतर, ~10 म्हणजे दहा ब्लॉक पुढे.

पण ‘पुढे’ म्हणजे कुठे? वरच्या ओळीतला क्रीपर तुमच्या नजरेसमोर येत नाही, तो दहा ब्लॉक दक्षिणेला येतो. तुम्ही उत्तरेकडे तोंड करून उभे असाल तर तो पाठीमागे उगवतो, आणि क्रीपर पाठीमागे असला की काय होतं ते खेळणाऱ्यांना सांगायला नको. नजरेच्या रोखाने मोजायचं असेल तर लाटेऐवजी ^ हे टोपीसारखं चिन्ह तिन्ही ठिकाणी वापरायचं. ^ ^ ^10 म्हणजे जिकडे पाहताय तिकडे दहा ब्लॉक.

जागाच दिली नाही तर प्राणी थेट तुमच्या अंगावर अवतरतो. मोठा प्राणी लहान खोलीत बोलावला की त्याचं डोकं भिंतीत अडकतं आणि तो गुदमरून मरतो. फार दूरची जागा दिली, तर जगाचा तो तुकडा त्या क्षणी फोनच्या मेमरीत नसतो आणि कमांड नाकारली जाते.

यूट्यूबवरची कमांड फोनवर का चालत नाही?

चूक बहुतेकदा टाइप करणाऱ्याची नसते. माइनक्राफ्ट दोन आहेत. कॉम्प्युटरवरची जुनी ‘जावा’ आवृत्ती आणि फोन, एक्सबॉक्स, विंडोज अशा सगळीकडे चालणारी ‘बेडरॉक’. दिसायला सारख्या असल्या तरी आतून दोन्ही वेगळ्या लिहिलेल्या आहेत. वीज पडून निळसर चमकणारा क्रीपर हवा असेल, तर जावात नावापुढे महिरपी कंस उघडून त्याचा गुणधर्म लिहितात. बेडरॉकच्या समन कमांडला असा महिरपी कंस कळत नाही. तिथे जागेनंतर प्राण्याची दिशा आणि मग ‘चार्ज हो’ अशा अर्थाचा एक घटनेचा शब्द द्यावा लागतो. व्हिडिओतल्या समन कमांडमध्ये प्राण्याच्या गुणधर्मांचा महिरपी कंस दिसला की ती फोनसाठी नाही, एवढी खूण पुरे.

इथेच काही जण ‘फ्री कमांड’, ‘मॉब स्पॉनर’ अशा नावांच्या एपीके फाइल शोधायला लागतात. समन कमांड मूळ गेममध्येच आहे. तिच्यासाठी कुठलंही वेगळं अॅप लागत नाही आणि त्या अॅपला फोनमधले संपर्क किंवा मेसेज वाचायची परवानगी तर अजिबातच लागत नाही.

ड्रॅगन येतो, पण लढत नाही

क्रिएटिव्ह मोडमध्ये प्राण्यांची अंडी मिळतात. ती जमिनीवर टाकली की काम झालं, मग कमांड कशाला? एक कारण म्हणजे एंडर ड्रॅगन आणि तीन डोक्यांचा विदर. यांची अंडी त्या यादीत नसतात.

ड्रॅगनची गंमत अशी की जावा आवृत्तीत साध्या समन कमांडने तो बोलावला, तर तो हवेत एका जागी तरंगत राहतो. कारण कमांडने आलेल्या ड्रॅगनची मूळ अवस्थाच ‘तरंगणे’ अशी ठरवलेली आहे. हल्ला करायला लावायचं तर अवस्थेचा आकडा वेगळा द्यावा लागतो. विदर मात्र आल्या आल्या घर फोडायला लागतो. खोल अंधारात राहणारा आंधळा वॉर्डन 2022 मध्ये आला. त्याची ताकद 500, म्हणजे 250 हृदयं. खेळाडूची 10. नॉर्मल पातळीवर चिलखताशिवाय त्याचा एक फटका पुरतो. पण त्याला बोलावून तुम्ही लांब, आवाज न करता बसलात, तर मिनिटभराने तो जमिनीत शिरून निघून जातो.

फोन का तापतो?

गेम स्वतःहून प्राणी आणतो तेव्हा मोजून आणतो. जावात एकट्या खेळाडूभोवती साधारण 70 राक्षस झाले की नवे येणं थांबतं. समन ही मर्यादा पाळत नाही. मालकाने पाठवलेला पाहुणा दारावरचा वॉचमन अडवत नाही, तसंच हे.

कमांड हाताने टाइप केली तर फार बिघडत नाही. बिघडतं ते कमांड ब्लॉकमुळे. या ठोकळ्यात एक ओळ लिहून त्याला ‘पुन्हा पुन्हा, सतत चालू’ असं ठेवलं, की तो गेमच्या प्रत्येक ठोक्याला ती चालवतो. माइनक्राफ्टचं हृदय सेकंदाला 20 ठोके देतं. म्हणजे एका मिनिटात 1200 कोंबड्या. प्रत्येक कोंबडीला कुठे जायचं ते ठरवायचं असतं, शेवटी शेजारणीला ढकलायचंही असतं. एका कोपऱ्यात दाटलेल्या 100 कोंबड्यांमध्ये 4950 जोड्या होतात. 50 मिलिसेकंदांत हे सगळं उरकलं नाही की खेळ अडखळतो, फोन तापतो आणि शेवटी अॅप बंद पडतं. पुन्हा उघडलं की ठोकळा तिथेच असतो, आपलं काम करत.

अशा वेळी जग डिलीट करायची गरज नाही. त्या जगाच्या सेटिंगमध्ये कमांड ब्लॉक बंद करता येतात. मग आत जाऊन ठोकळा फोडायचा आणि गर्दी कमी करायची.

आणि मोतीचं काय झालं?

गर्दी कमी करताना जी ओळ सगळे सांगतात, तीच घातक आहे: /किल @ई. यातलं ‘ई’ म्हणजे एंटिटी. मराठी मनाला ती ‘सगळे शत्रू’ अशी वाटते, पण गेमच्या लेखी एंटिटी म्हणजे ब्लॉक नसलेली, जगात असलेली जवळपास प्रत्येक वस्तू. झॉम्बी, गाय, कुत्रा, होडी, खाली पडलेला हिरा आणि आज्ञा देणारा खेळाडू स्वतः. कमांडने कोणाला माफ करायचं हे सांगितलेलंच नव्हतं.

योग्य ओळीत चौकटी कंस लागतो. बेडरॉकमध्ये /किल @ई[टाइप=झॉम्बी,आर=20] लिहिलं, तर 20 ब्लॉकच्या आतले झॉम्बी तेवढे मरतात. जावात अंतर लिहायची पद्धत वेगळी आहे, पण प्रकाराचं नाव दोन्हीकडे द्यावंच लागतं.

मग दादा /समन टाकून दुसरा लांडगा आणून देऊ शकतो की! आणू शकतो. पण तो रानटी असेल. त्याला पुन्हा हाडं खायला घालावी लागतील आणि दर हाडामागे माणसाळण्याची शक्यता तीनात एक. नाव ‘मोती’ ठेवलं तरी धाकट्याला फरक कळतोच.

दुसरं नुकसान उशिरा लक्षात येतं. बेडरॉकमध्ये एखाद्या जगात चीट्स एकदा चालू केले, की त्या जगापुरती अचिव्हमेंट्स कायमची बंद होतात. नंतर चीट्स बंद केले तरी परत येत नाहीत. गेम आधी तशी सूचना दाखवतो, पण घाईत ती ‘ओके’ दाबून पुढे ढकलली जाते. दोघांचं एकच जग असेल, तर एकाने दाबलेलं ‘ओके’ दुसऱ्यालाही लागू होतं. जावात हे बंधन नाही.

म्हणून प्रयोगासाठी वेगळं जग हवं. यादीत जगाच्या नावाशेजारचं पेन्सिलचं चिन्ह दाबलं, की खाली ‘कॉपी’चं बटण सापडतं. त्या प्रतीत वॉर्डन आणा, विदर आणा, काहीही फोडा. मूळ जग जसंच्या तसं राहतं. शेजारीच ‘एक्स्पोर्ट’ आहे. त्याने सगळं जग एका फाइलमध्ये येतं, ती ड्राइव्हवर ठेवता येते. अँड्रॉइडवर जग अॅपच्या आतल्या जागेत साठवलेलं असेल आणि ‘स्टोरेज फुल’ म्हणून कोणी गेम अनइन्स्टॉल केला, तर सगळी जगं त्याच्यासोबत पुसली जातात. तिथे कुठल्याही कमांडची गरज लागत नाही.