चेक परत आला तर? देणारीनेही वाचा, घेणारीनेही वाचा



गटांच्या बैठकांना फिरताना दोन सवयी बऱ्याच ठिकाणी दिसतात. बँक लांब, गाडीची सोय नाही, म्हणून अध्यक्ष आणि सचिव चार-पाच कोऱ्या चेकवर आधीच सह्या करून ठेवतात. आणि व्यापाऱ्याने दिलेला चेक बँकेतून परत आला, की आपण तो दप्तरात ठेवतो आणि महिना-दोन महिने नुसते फोन करत बसतो. या दोन्ही सवयी महागात पडतात. कारण चेक न वटणं हा फक्त पैशाचा वाद नाही, तो गुन्हा होऊ शकतो.

कायदा काय सांगतो?

निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स ॲक्ट हा कायदा 1881 सालचा आहे. त्यातलं कलम 138 एप्रिल 1989 पासून लागू झालं. देणं फेडण्यासाठी दिलेला चेक खात्यात पुरेसे पैसे नाहीत म्हणून परत आला आणि नोटीस मिळूनही पैसे दिले नाहीत, तर दोन वर्षांपर्यंत कैद, किंवा चेकच्या दुपटीपर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊ शकतं. खातं बंद करून टाकलं, किंवा पैसे नसताना बँकेला "पेमेंट थांबवा" असं सांगितलं, तरी सुटका होतेच असं नाही.

चेक देणं फेडण्यासाठीच दिला होता, असं न्यायालय आधी धरून चालतं. तसं नव्हतं हे सही करणाऱ्याने दाखवून द्यायचं असतं. हौसेने भेट म्हणून दिलेल्या चेकला मात्र हे कलम लागत नाही.

आपल्याला मिळालेला चेक परत आला तर

समजा, गटाने हळद विकली आणि व्यापाऱ्याने 40,000 रुपयांचा चेक दिला. चेकवरच्या तारखेपासून तीन महिन्यांच्या आत तो बँकेत भरावा लागतो. तो परत आला, तर बँक कारण लिहिलेली चिठ्ठी देते, तिला रिटर्न मेमो म्हणतात. ती चिठ्ठी आणि मूळ चेक जपून ठेवा. यापुढे तीन मुदती लक्षात ठेवायच्या:

1. 30 दिवस: चेक परत आल्याचं बँकेकडून कळल्यापासून 30 दिवसांच्या आत लेखी नोटीस पाठवायची. चेकवर जेवढी रक्कम आहे, तेवढीच नोटिशीत स्पष्ट मागायची. पोस्टाने पाठवा, पावती आणि पोचपावती जपा.
2. 15 दिवस: नोटीस मिळाल्यापासून त्याला पैसे द्यायला 15 दिवस असतात. या काळात त्याने पूर्ण पैसे दिले तर विषय संपला.
3. एक महिना: ते 15 दिवस संपल्यावर एका महिन्याच्या आत न्यायालयात तक्रार दाखल करायची. 15 दिवस पुरे होण्याआधी घाई करून तक्रार केली, तर ती टिकत नाही.

तारखा घालून बघू. मेमो 5 जूनला मिळाला. नोटीस 12 जूनला पाठवली, त्याला ती 16 जूनला मिळाली. त्याची मुदत 1 जुलैला संपते. मग तक्रार जुलैमध्येच करून मोकळं व्हायचं.

व्यापारी म्हणेल, "ताई, पुढच्या आठवड्यात परत टाका चेक." चेकची मुदत शिल्लक असेल तर परत भरता येतो. पण त्याच्या गोड बोलण्यात तीन महिने निघून जाऊ देऊ नका.

ही तक्रार पोलीस ठाण्यात होत नाही. ती प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांकडे करावी लागते. चेक आपल्या खात्यात भरला असेल, तर आपलं खातं ज्या शाखेत आहे तिथल्या न्यायालयात तक्रार करता येते. म्हणजे व्यापारी दुसऱ्या जिल्ह्यातला असला, तरी त्याच्या गावाला खेटे घालायला नकोत. खटला लांबू शकतो. पण समोरच्याने गुन्हा नाकारला, तर खटला चालू असतानाच चेकच्या 20 टक्क्यांपर्यंत रक्कम द्यायला न्यायालय त्याला सांगू शकतं. आपल्या उदाहरणात ते 8,000 रुपयांपर्यंत होतात. मधेच तडजोडही करता येते, लोकअदालतीतही करता येते.

वकिलाच्या फीला घाबरू नका. बाईला उत्पन्न कितीही असलं तरी मोफत कायदेशीर मदतीचा हक्क आहे. तालुक्याच्या न्यायालयात विधी सेवा समिती असते, तिथे अर्ज करा. 15100 या नंबरवर फोन करूनही माहिती मिळते.

आता आपल्या सहीबद्दल

"पैसे गटाचे, मग मला का धरतील?" असं सही करणाऱ्या ताया विचारतात. संस्थेच्या किंवा समूहाच्या नावाने दिलेला चेक परत आला, तर चेकवर सही करणारी आणि व्यवहार सांभाळणारी व्यक्तीही आरोपी होऊ शकते. म्हणून चेक फाडण्याआधी शिल्लक बघा. हप्ता कापला जाणार आहे का, तेही बघा. खात्यातून आपोआप कापला जाणारा हप्ता पैसे नाहीत म्हणून परत गेला, तरी त्यालाही अशीच शिक्षा दुसऱ्या कायद्यात आहे.

कोरा चेक तर सगळ्यात धोक्याचा. "मी फक्त सही केली, रक्कम दुसऱ्याने भरली" एवढं सांगून सुटता येत नाही. राजीखुशीने सही करून दिलेला कोरा चेकही देण्यापोटीच दिला असं धरता येतं, हे सर्वोच्च न्यायालयाने 2019 मध्ये सांगितलं आहे. कर्जाला तारण म्हणून कुणी कोरे चेक मागितले, तर हे आठवा.

घरातलंही बघू. नवऱ्याबरोबर जॉइंट खातं आहे, पण परत आलेल्या चेकवर सही फक्त त्याची आहे, तर तुमच्यावर या कलमाखाली खटला चालत नाही. पण त्याच्या कर्जाला जामीन म्हणून तुम्ही तुमच्या खात्याचा चेक सही करून दिला, तर जबाबदारी तुमची.

आणि कुणाकडून नोटीस आलीच, तर पोस्टमनला परत पाठवू नका. घेतली नाही तरी ती मिळाली असंच धरलं जातं, आणि हातातले 15 दिवस वाया जातात. घ्या, तारीख लिहा, त्याच आठवड्यात विधी सेवा समितीत जा.

पुढच्या बैठकीत एवढं करा

चेकबुक बाहेर काढा. सह्या केलेले कोरे चेक असतील तर ते सगळ्यांसमोर रद्द करा आणि तसं इतिवृत्तात लिहा. यापुढे नाव, रक्कम आणि तारीख भरल्याशिवाय कुणी सही करणार नाही, असा ठराव घ्या. कुणाकडे परत आलेला चेक पडून असेल, तर मेमोवरची तारीख बघून आजच दिवस मोजा. 30 दिवस भरत आले असतील, तर पुढच्या बैठकीची वाट बघू नका.

— तुमची क्षेत्र समन्वयक