खडकावरचा मळा

गडचांदूर म्हणजे सिमेंटचे गाव. तेथे पाहुणा म्हणून जाणाऱ्याने राजुरा, चंद्रपूर ओलांडून वरोऱ्याची वाट धरावी आणि आनंदवनाची शेती पाहून यावी. आम्ही सहकुटुंब गेलो.

वाट दाखविणारे काका एके काळचे कुष्ठरोगी. बोटे आखडलेली, पण त्याच हातांनी त्यांनी विहीर दाखविली, गोठा दाखविला. १९५१ साली बाबा आमटे व साधनाताई येथे आले तेव्हा होते काय? ५० एकर खडकाळ रान, ६ रोगी, एक लंगडी गाय आणि १४ रुपये! आधी विहीर खणली, मग मळा फुलविला. तो पिकला, तर रोग्यांच्या हातची भाजी वरोऱ्यात कोणी घेईना!

आमच्या धाकटीने हळूच विचारले, "आई, इथलं पाणी प्यायचं?" काकांनी ते ऐकले. रागावले नाहीत. आपण होऊन तांब्या आणला.

वाचकहो, या रोगावर आज खात्रीचे औषध आहे. अन्नपाण्यातून तो पसरत नाही. भीतीचे औषध मात्र ज्याचे त्यानेच घ्यावयाचे. सौ.ने तांब्या घेतला, आधी स्वतः प्याली आणि मग मुलीच्या हाती दिला.