दहाव्या नंबरवर शतक, कसोटीत सलामी : इंदूरचे चंदू सरवटे कोण होते?

छत्रीबाग (इंदूर) : छत्रीबागेत होळकर घराण्याच्या दगडी छत्र्या आहेत, त्या पाहायला लोक येतात. होळकरांची दुसरी आठवण मात्र दगडाची नाही, ती जुन्या स्कोअरबुकात आहे. १९४४-४५ ते १९५४-५५ या अकरा हंगामांत होळकर संघ दहा वेळा रणजी करंडकाच्या फायनलला गेला आणि चार वेळा जिंकला. संघ म्हटला की सी. के. नायडू आणि मुश्ताक अली ही दोन नावं लगेच येतात. तिसरं नाव आपल्या मराठी माणसाचं आहे आणि तेच आपल्याला नीट माहीत नसतं. ते म्हणजे चंद्रशेखर त्र्यंबक उर्फ चंदू सरवटे.

सरवटे नेमके कुठले, या प्रश्नाचं एका शब्दात उत्तर देता येत नाही. जन्म २२ जुलै १९२० चा, गाव सागर. म्हणजे आजचा मध्य प्रदेश, तेव्हाचा मध्य प्रांत. वयाच्या सोळाव्या वर्षी ते मध्य प्रांत-वऱ्हाडकडून खेळले. पुढे महाराष्ट्र, मग मुंबई, पंचरंगी सामन्यांत हिंदू संघ, आणि १९४४ च्या सुमारास होळकर. राज्यांच्या सीमा नंतर बदलल्या तशी संघांची नावंही बदलली, होळकरचा मध्य भारत झाला आणि त्याचा मध्य प्रदेश. सरवटे खेळतच राहिले. सीमाभागात राहणाऱ्या आपल्यासारख्यांना हे वेगळं समजावून सांगायला नको. माणूस तिथेच असतो, वरची पाटी बदलते.

आता तो ओव्हलचा सामना. मे १९४६, दुसरं महायुद्ध संपून वर्ष झालेलं, भारतीय संघ इंग्लंडच्या दौऱ्यावर. लंडनला सरे काउंटीविरुद्ध आपले नऊ गडी २०५ धावांत गेले. सरे संघात ॲलेक बेडसर आणि आल्फ गोव्हर हे बोलर होते, म्हणजे बोलिंग काही लुंगीसुंगी नव्हती. दहाव्या नंबरवर आलेले सरवटे क्रीजवर होते आणि अकराव्या नंबरवर शुटे बॅनर्जी आले. अकरावा आला म्हणजे दुसऱ्या संघाचे सलामीवीर पॅड शोधायला लागतात. इथे त्यांना बराच वेळ थांबावं लागलं. या जोडीनं १९० मिनिटांत २४९ धावा जोडल्या. सरवटे नाबाद १२४, बॅनर्जी १२१.

हा विक्रम काय आहे, ते थोडं सुटं करून सांगतो, कारण यात गोंधळ होतो. शेवटच्या विकेटची जगातली सर्वांत मोठी भागी ही नव्हे. ती ३०७ धावांची, ऑस्ट्रेलियात किपॅक्स आणि हुकर यांची. पण दहावा आणि अकरावा अशा दोघांनीही एकाच डावात शतक ठोकलं, असं प्रथम श्रेणी क्रिकेटमध्ये तेव्हा पहिल्यांदाच घडलं. आणि सरवटे तिथेच थांबले नाहीत. सरेला फॉलोऑन मिळाला आणि दुसऱ्या डावात त्यांनी पाच बळी काढले. आपण नऊ गड्यांनी जिंकलो.

मग असा माणूस दहाव्या नंबरवर का? कारण दौऱ्यावरच्या हिशेबात ते फिरकी बोलर होते. इकडे इंदूरला काय चित्र होतं बघा. त्याच वर्षी, दौऱ्याच्या थोडं आधी, म्हैसूरविरुद्धच्या रणजी सेमीफायनलमध्ये होळकरनं ८ बाद ९१२ धावा केल्या. एका डावात सहा शतकं : भांडारकर, सरवटे, जगदाळे, नायडू, निंबाळकर आणि प्रताप सिंग. (निंबाळकर म्हणजे कोल्हापूरचे भाऊसाहेब, पुढे महाराष्ट्राकडून नाबाद ४४३ करणारे.) त्याच सामन्यात सरवट्यांनी एका डावात ६१ धावांत नऊ बळी घेतले. शतक आणि नऊ बळी, एकाच सामन्यात! पुढे १९५०-५१ च्या फायनलला गुजरातविरुद्ध त्यांनी २४६ केले.

कसोटीचा हिशेब मात्र तोट्याचा. आम्ही कॉमर्सवाले, आकडे लपवत नाही : नऊ कसोट्या, २०८ धावा, फक्त तीन बळी. दुसरीकडे प्रथम श्रेणीत सात हजारांवर धावा, १४ शतकं आणि ४९४ बळी. एवढी तफावत कशी? एक कारण दिसतं. १९४७-४८ च्या ऑस्ट्रेलिया दौऱ्यात ते पाचही कसोट्या खेळले, आणि समोर ब्रॅडमनचा संघ होता, लिंडवॉल आणि मिलरसह. दोन वर्षांपूर्वी दहाव्या नंबरवर असलेल्या माणसाला तिथे सलामीला पाठवलं गेलं. मेलबर्नला विनू मंकडबरोबर त्यांनी १२४ ची सलामी दिली, त्यात त्यांचे ३६ होते. सगळीकडे उपयोगी पडणाऱ्याला पक्की जागा मिळत नाही, हा प्रकार फक्त क्रिकेटमधला नाही. पण तीन बळींचं खापर केवळ निवडीवर फोडता येणार नाही. तिथल्या बॅट्समनपुढे त्यांची फिरकी चालली नाही, हेही खरं.

पैशाचं काय? तेव्हा क्रिकेटवर घर चालत नव्हतं. होळकर संस्थानानं कित्येक खेळाडूंना फौजेत हुद्दे देऊन पोटापाण्याची सोय केली, म्हणून तर बाहेरगावचे खेळाडू इंदूरला टिकले. युद्धामुळे महूच्या छावणीत असलेला डेनिस कॉम्प्टनसुद्धा होळकरकडून खेळला. १९४५ च्या फायनलला मुंबईविरुद्ध त्यानं नाबाद २४९ केले, तरी होळकर हरलं. संस्थान १९४८ मध्ये विलीन झालं आणि तो आधार सुटत गेला. सरवटे कायद्याचे पदवीधर होते, आणि व्यवसायानं बोटांच्या ठशांचे तज्ज्ञ! बॉल फिरवणारी बोटं आणि दुसऱ्यांच्या बोटांचे ठसे, योगायोग म्हणायचा. नंतर ते राष्ट्रीय निवड समितीतही होते. २३ डिसेंबर २००३ रोजी इंदूरलाच त्यांचं निधन झालं.

होळकरनं शेवटचा करंडक १९५२-५३ मध्ये जिंकला. त्यानंतर मध्य प्रदेशला रणजी जिंकायला २०२२ उजाडलं. फायनलला समोर मुंबई होती, आणि मध्य प्रदेशचे कोच होते मुंबईचे चंद्रकांत पंडित.

जाता जाता एक. इंदूरला उतरणारे बरेच जण सरवटे बस स्टँडचं नाव या क्रिकेटपटूशी जोडतात. तसं नाही. ते नाव विनायक सीताराम उर्फ तात्या सरवटे यांचं, जे संविधान सभेचे सदस्य होते.