वधस्तंभाच्या बनमध्ये मोहफुले

उत्तम शुक्रवारी वधस्तंभाची खूण असलेला मसालेदार गोड बन खाण्याची रीत आपल्याकडे इंग्लंडमधून आली. लंडनमध्ये १५९२ साली असे बन एरवी विकायला मनाई झाली होती. उत्तम शुक्रवार, नाताळ आणि अंत्यविधी एवढ्यांनाच सूट. वांद्र्याच्या बेकऱ्यांत तो आजही मिळतो. दीपनगरात मात्र घरीच करावा लागतो, आणि आमच्या मंडळीतील भगिनी तो सातपुड्याच्या पाड्यांवरील मुलांसाठी करतात.

या बनमध्ये मनुका घालतात. आम्ही निम्म्या मनुकांऐवजी वाळवलेली मोहफुले घालू लागलो, तेव्हा काही वडीलधाऱ्यांनी विचारले, "दारूचे फूल प्रभूच्या दिवशी?" प्रश्न रास्त आहे. दारूने मोडलेले संसार आम्ही रोज पाहतो. पण द्राक्षाचीही दारू होतेच, तरी मनुकांवर कोणी आक्षेप घेत नाही. पावरा आणि भिल्ल घरांत मोहफूल हे जुने अन्न आहे. ते शिजवून खातात, भाकरीतही घालतात. दारूसाठी घेणाऱ्याला फूल मातीत पडलेले चालते, खाण्यासाठी घेणाऱ्याला स्वच्छच लागते. म्हणून चादरीवर वाळवलेल्या स्वच्छ फुलांना आम्ही वेगळा, चढा भाव देतो. राज्य सरकारनेही २०२१ मध्ये मोहफुले गोळा करण्यावरचे आणि साठवण्यावरचे निर्बंध उठवले.

हंगामही नेमका जुळतो. मोह मार्च-एप्रिलमध्ये फुलतो, फुले पहाटे गळतात, बाया टोपल्या घेऊन उजाडण्याआधी झाडाखाली असतात. उत्तम शुक्रवार २० मार्च ते २३ एप्रिल यांच्या दरम्यानच येतो. २०२६ मध्ये तो ३ एप्रिलला आहे.

आता कृती. बारा बनसाठी मैदा ५०० ग्रॅम, साखर ६० ग्रॅम, लोणी ५० ग्रॅम, एक अंडे, एक छोटा चमचा मीठ, दालचिनी-जायफळ-लवंगांची पूड मिळून दोन छोटे चमचे. दालचिनी जास्त झाली तर यीस्ट मंदावते, तेव्हा हात आखडता ठेवा. मनुका आणि मोहफुले मिळून १५० ग्रॅम. मोहफुले दोन-तीन पाण्यांनी धुवा, आतले केसर काढून टाका, दहा मिनिटे वाफवा आणि चिरा. वेळखाऊ काम आहे, पण केसर राहिले तर दातांत येते. फुले रात्रभर भिजत ठेवू नका; आपल्या उन्हाळ्यात पाणी आंबते.

खान्देशात खरी अडचण उकाड्याची. पुस्तकात कोमट दूध सांगतात, पण एप्रिलमध्ये भुसावळचा पारा चाळिशी ओलांडतो. आम्ही सुमारे २४० मिली दूध थंडच घेतो आणि सात ग्रॅमऐवजी पाच ग्रॅम ड्राय यीस्ट घालतो. तरीही पीठ पाऊण तासात दुप्पट फुगते. घड्याळाकडे पाहू नका, पिठाकडे पाहा. जास्त फुगले तर बन बसतात आणि आंबूस लागतात. पीठ दहा मिनिटे चांगले मळा, फळे शेवटी घाला, पहाटेच्या गारव्यात भिजवलेत तर उत्तम.

गोळे ट्रेमध्ये जवळजवळ लावून पुन्हा अर्धा तास फुगू द्या. मैदा आणि पाण्याची दाटसर पेस्ट कागदाच्या कोनात भरून प्रत्येकावर वधस्तंभाची खूण काढा. ओव्हन २०० अंशांवर आधी तापवा. १८ ते २० मिनिटांत बन तांबूस होतात. गरम असतानाच वरून गुळाचे पाणी लावा, चकाकी येते. ज्यांच्याकडे ओव्हन नाही त्यांनी नानकटाईसारखाच ट्रे पाववाल्याच्या भट्टीवर न्यावा. मात्र आदल्या दिवशी वेळ ठरवून घ्या, नाहीतर तुमचे पीठ रांगेतच फुगून बसेल.

हे बन दोन दिवस मऊ राहतात. पाड्यावर नेताना आम्ही ते पूर्ण गार झाल्यावर सुती फडक्यात गुंडाळून डब्यात भरतो. गरम भरले की वाफ धरते, आणि रस्ता लांबचा आहे.